खेळाडूचा हँडबॉल प्रशिक्षक होताना: कोणती पायरी आधी, कोणती नंतर

दर वर्षी युनिव्हर्सिटीच्या स्पर्धा उरकल्या की दोन-तीन जुन्या खेळाडूंचे फोन येतात. "ताई, खेळणं बंद केलं. आता कोचिंग करायचंय. मैदान बघून ठेवलंय, दहा-बारा पोरंही आहेत." सहा महिन्यांनी त्यांचाच पुन्हा फोन येतो, पण आवाज उतरलेला. कुणाची पोरं पांगलेली असतात. कुणी सहा आठवड्यांचा कोर्स करून डिप्लोमाच्या जागेसाठी अर्ज केलेला असतो आणि तो पहिल्याच चाळणीत गळलेला असतो. चुका त्याच त्या, आणि त्यातल्या निम्म्या मीही करून बसले आहे.

मी ग्वाल्हेरची, तिथल्या लष्कर भागात वाढले. डावखुरी म्हणून शाळेतच उजव्या विंगला, म्हणजे मैदानाच्या उजव्या कडेला, उभं केलं आणि खेळ सुटेपर्यंत तिथेच राहिले. पुढचा क्रम ग्वाल्हेर डोळ्यांसमोर ठेवून लिहिला आहे. इंदूर-बडोद्याच्या वाचकांनी गावाचं नाव बदलून वाचावा, पायऱ्या मात्र बदलू नयेत. बहुतेकांची गाडी अडते ती पायरी मागेपुढे झाल्यामुळेच.

## पायरी १: अंगावर जर्सी आहे तोवर कागद पुरे करा

खेळत असताना संघटनेचे सचिव आपल्याला नावाने हाक मारतात. खेळ सुटून दोन वर्षं झाली की तेच विचारतात, "कोणत्या साली खेळली होतीस म्हणालीस?" म्हणून कागदाचं काम शेवटच्या हंगामातच संपवायचं.

केंद्र सरकारी नोकरीच्या खेळाडू कोट्यात स्पर्धेत मिळालेलं रंगीत सर्टिफिकेट पुरत नाही. ठरावीक नमुन्यातला फॉर्म लागतो आणि त्यावर सही कोणाची, हेही ठरलेलं आहे. आंतरराष्ट्रीय स्पर्धा खेळलात तर फॉर्म १, सही राष्ट्रीय फेडरेशनच्या सचिवांची. राष्ट्रीय स्पर्धेत राज्याकडून खेळलात तर फॉर्म २, सही राज्य संघटनेच्या सचिवांची. आंतरविद्यापीठ स्पर्धेसाठी फॉर्म ३, सही विद्यापीठाच्या क्रीडा विभागप्रमुखांची. शालेय राष्ट्रीय स्पर्धेसाठी फॉर्म ४, तो राज्याच्या शिक्षण संचालनालयातून येतो. राज्य सरकारच्या, रेल्वेच्या आणि पोलिसांच्या जाहिरातींत अटी थोड्याफार वेगळ्या असतात, पण हे चार फॉर्म हाताशी असले की धावपळ निम्म्याने वाचते.

सावधान: सही करणारी संघटना त्या वर्षी मान्यताप्राप्त होती का, हे आधी बघा. हँडबॉलमध्ये राष्ट्रीय पातळीवर मान्यतेवरून वाद झालेले आहेत. स्पर्धा खरी, खेळ खरा, आणि कागद मात्र अडकलेला, असं होऊ शकतं. त्या वर्षीच्या मान्यतेच्या पत्राची प्रत फॉर्मसोबतच ठेवून द्या.

आपल्या मराठी घरांत एक जास्तीची अडचण असते. दहावीच्या मार्कशीटवर इथल्या पद्धतीप्रमाणे नुसतं नाव आणि आडनाव. संघटनेचा फॉर्म मात्र घरी बाबांनी भरलेला, म्हणून मध्ये वडिलांचं नाव. आधारवर तिसरंच काही. त्यात आडनावाच्या शेवटचा 'कर' इंग्रजीत कधी एका 'ए'ने, कधी दोन 'ए'ने. कागद तपासणाऱ्या बाबूच्या लेखी ही तीन वेगळी माणसं आहेत. लग्नानंतर नाव बदललेल्या मुलींची तर चार.

तपासा: मार्कशीट, आधार, स्पर्धेची सर्टिफिकेटं आणि फॉर्म एका रांगेत पसरून ठेवा. नावाचं स्पेलिंग, जन्मतारीख आणि स्पर्धेची तारीख अक्षरशः बोट ठेवून जुळवा. फरक निघाला तर मार्कशीट प्रमाण धरून बाकीचे कागद दुरुस्त करून घ्या. उलटं करायला गेलात तर वर्ष जाईल.

## पायरी २: खांदा आणि गुडघा दाखवून घ्या

ही पायरी लहान आहे, पण टाळली तर पुढे महाग पडते. खेळाडू दुखऱ्या खांद्यासकट खेळ सोडतो आणि "आता कुठे खेळायचंय" म्हणून उपचारही सोडतो. प्रशिक्षकाला गोलकीपरच्या सरावासाठी एका दिवसात शंभर-दीडशे चेंडू फेकावे लागतात, म्हणजे सामन्यात फेकायचात त्याच्या कितीतरी पट.

खेळ थांबवण्याआधी फिजिओकडून खांद्याची हालचाल आणि ताकद दोन्ही बाजूंनी मोजून घ्या. रबर बँडचे व्यायाम आठवड्यातून तीन दिवस चालू ठेवा. गुडघ्याचं ऑपरेशन झालं असेल तर त्याची फाइल जपून ठेवा. पुढे एखादी मुलगी लंगडत बाहेर येईल तेव्हा ती फाइल तुम्हाला कुठल्याही पुस्तकापेक्षा जास्त शिकवेल.

## पायरी ३: एक हंगाम दुसऱ्याच्या हाताखाली काढा

सगळ्यात जास्त वगळली जाणारी पायरी हीच. नॅशनल खेळलेल्या माणसाला "सर, मी तुमच्याकडे मदतनीस म्हणून येते" म्हणणं जड जातं. मलाही गेलं होतं. पहिले पंधरा दिवस मला चेंडू मोजणं, हवा भरणं आणि खुणेचे प्लास्टिकचे शंकू लावणं एवढंच काम होतं. तेव्हा राग आला. पण त्या पंधरा दिवसांत, बाजूला उभं राहून, मला पहिल्यांदा सराव दिसला. त्याआधी मी फक्त तो केला होता.

या हंगामात तीन कामं ठरवून करा.

एक, मोजा. एक मूल निवडा आणि पूर्ण सत्रात त्याच्या हातात चेंडू किती वेळा आला ते वहीत रेघा मारून मोजा. मी पहिल्यांदा मोजलं तेव्हा दीड तासात चौतीस रेघा झाल्या. उरलेला वेळ ती पोरगी रांगेत उभी होती. त्या दिवसापासून लांब रांग दिसली की माझं डोकं फिरतं.

दोन, स्वतःची जागा सोडून बघा. विंगवाल्याला विंगच दिसते. तुम्ही बॅक (मागून हल्ला रचणारे) असाल तर महिनाभर फक्त पिव्हटकडे, म्हणजे सहा मीटरच्या रेघेवर बचावात घुसून उभ्या खेळाडूकडे, बघा. पिव्हट असाल तर बचावातला दुसरा खेळाडू कधी पुढे येतो ते बघा.

तीन, कीपर. गावोगावच्या संघांत कीपरला कुणी शिकवत नाही. ज्याला धावता येत नाही त्याला गोलात उभं करतात आणि बाकीचे त्याच्यावर चेंडू मारून सराव करतात. कीपरची उभं राहण्याची जागा, कोन कमी करत पुढे येणं, विंगच्या शॉटला जवळच्या खांबाशी चिकटून राहणं, एवढं जरी या हंगामात शिकलात तरी जिल्ह्यात तुम्हाला मागणी राहील.

तपासा: हंगामाअखेर मुख्य प्रशिक्षक एक दिवस गैरहजर असताना सत्र तुम्ही एकट्याने चालवलंत का? नसेल तर विनंती करून एकदा चालवा. पुढच्या पायरीवर मग जा.

## पायरी ४: कोर्स निवडताना आधी नोकरी ठरवा

लोक आधी कोर्स करतात आणि मग कुठे चालतो ते शोधतात. उलटं करा. कोणत्या खुर्चीत बसायचंय ते ठरलं की कोर्स आपोआप ठरतो.

शाळेत पीटी टीचर व्हायचं असेल तर सहसा बीपीएड, म्हणजे शारीरिक शिक्षणाची पदवी, लागते. नुसतं कोचिंगचं सर्टिफिकेट घेऊन शाळेच्या कायम जागेवर बसता येत नाही. ग्वाल्हेरकरांना यात घरबसल्या सोय आहे. रेसकोर्स रोडवरच्या लक्ष्मीबाई राष्ट्रीय शारीरिक शिक्षण संस्थेत देशभरातून पोरं येतात आणि आपली पोरं मात्र त्या फाटकावरून रोज स्कूटी घेऊन जातात, आत चौकशीलाही जात नाहीत.

भारतीय क्रीडा प्राधिकरणात किंवा राज्याच्या क्रीडा खात्यात प्रशिक्षक व्हायचं असेल तर पतियाळाच्या नेताजी सुभाष राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा डिप्लोमा. लोक त्याला नुसतं 'एनआयएस' म्हणतात आणि घोटाळा इथेच होतो. डिप्लोमा एक वर्षाचा असतो आणि सर्टिफिकेट कोर्स सहा आठवड्यांचा. यातलं कोणतंही करून आलेला माणूस "मी एनआयएस केलं" असंच सांगतो. जाहिरातीत 'डिप्लोमा' लिहिलेलं असेल तर सहा आठवड्यांवाल्याचा अर्ज बाद होतो. खासगी शाळा, क्लब किंवा उन्हाळी शिबिरासाठी मात्र सहा आठवडे पुरेसे आहेत आणि शिकायलाही चांगलं मिळतं.

आंतरराष्ट्रीय हँडबॉल महासंघाच्या लायसन्सच्या चार पायऱ्या आहेत: डी, सी, बी आणि ए. सुरुवात डी पासून. हे लायसन्स सरकारी नोकरीच्या अटीत सहसा नसतं, पण बाहेरच्या क्लबशी बोलताना ते विचारतात, आणि लहान मुलांना कसं शिकवावं याचं त्यांचं साहित्य आपल्याकडच्या पाठ्यपुस्तकांपेक्षा कितीतरी सरळ आहे.

सावधान: तुम्ही रेल्वेत, पोलिसात किंवा निमलष्करी दलात खेळाडू म्हणून नोकरीला असाल तर कोर्सच्या आणि खासगी कोचिंगच्या आधी खात्याची लेखी परवानगी घ्या. साहेब तोंडी "जा रे" म्हणाले, यावर पोस्टिंग सांभाळता येत नाही.

## पायरी ५: नियम पुन्हा शिका, या वेळी पुस्तकातून

खेळाडूला नियम अंगाने माहीत असतात. शिट्टी वाजली की थांबायचं, एवढं पुरतं. प्रशिक्षकाला कलम सांगता यावं लागतं, आणि आपण खेळलो तेव्हाचं कलम आता बदललेलं असू शकतं.

२०२२ च्या बदलांवर तर अजूनही जिल्हा स्पर्धांत भांडणं होतात. निष्क्रिय खेळाचा (गोलाचा प्रयत्न न करता नुसता चेंडू फिरवत राहण्याचा) इशारा म्हणून पंचाने हात वर केला की आता जास्तीत जास्त चारच पास. आधी सहा होते. जुने प्रशिक्षक आजही बाकावरून सहापर्यंत मोजतात आणि चेंडू गेला की पंचाच्या नावाने ओरडतात. कीपरसमोर कोणी बचावपटू नसताना चालू खेळात थेट कीपरच्या डोक्यावर चेंडू मारला तर फेकणाऱ्याला दोन मिनिटं मैदानाबाहेर. वरच्या पातळीच्या स्पर्धांत मध्यावर चार मीटर व्यासाचं वर्तुळ असतं आणि थ्रो-ऑफ, म्हणजे खेळ सुरू करण्याची फेक, त्या वर्तुळातून कुठूनही घेता येतो.

नियम पक्के करण्याचा सोपा मार्ग म्हणजे राज्य संघटनेची पंच परीक्षा द्या आणि लहान वयोगटाचे दहा सामने शिट्टी घेऊन चालवा. दहाव्या सामन्यानंतर पंचाशी भांडायची सवय आपोआप जाते.

## पायरी ६: मैदान स्वतः आखा

आता कुठे मैदानावर यायचं. बहुतेक जण इथून सुरुवात करतात.

मैदान ४० मीटर लांब आणि २० मीटर रुंद. चारी बाजू बरोबर आल्या म्हणजे मैदान काटकोनात आलं असं नाही. एका कोपऱ्यातून समोरच्या तिरप्या कोपऱ्यापर्यंत टेप धरा: ४४.७२ मीटर यायला हवेत. दोन्ही तिरप्या मापांत बोटभराहून जास्त फरक असेल तर मैदान पतंगासारखं तिरकं झालंय. चुना टाकण्याआधीच दोरी हलवा.

सगळ्यात मोठा गोंधळ सहा मीटरच्या रेघेचा. शाळाशाळांतून ती रेघ गोलाच्या मध्यावर खुंटी ठोकून, दोरी फिरवून अर्धवर्तुळ काढलेली दिसते. ती चूक आहे. खुंटी दोन लागतात, दोन्ही खांबांच्या आतल्या मागच्या कोपऱ्याशी एकेक. प्रत्येक खुंटीवरून सहा मीटर त्रिज्येचा पाव वर्तुळाचा तुकडा काढायचा, आणि दोन्ही तुकडे समोर तीन मीटरच्या सरळ रेघेने जोडायचे. ती सरळ रेघ गोलाला समांतर, गोलरेषेपासून सहा मीटरवर.

फरक किती पडतो? मध्यावरून काढलेल्या अर्धवर्तुळाची टोकं खांबापासून साडेचार मीटरवरच गोलरेषेला टेकतात. म्हणजे विंगच्या पोराला दीड मीटर जास्त जागा मिळते. ते वर्षभर त्या जागेतून उडी मारतं आणि भोपाळला स्पर्धेला गेल्यावर प्रत्येक उडीला रेघेवर पाय. मी स्वतः शाळेत अशाच मैदानावर विंग शिकले. पहिल्या राज्य स्पर्धेत माझे सुरुवातीचे तीन गोल बाद झाले आणि मला कारण कळायला दुपार झाली.

तपासा: सहा मीटरची रेघ गोलरेषेला जिथे टेकते तिथून बाजूच्या रेषेपर्यंत दोन्हीकडे अडीच मीटर उरले पाहिजेत. नऊ मीटरची तुटक रेघ मात्र गोलरेषेपर्यंत पोचतच नाही, ती आधीच बाजूच्या रेषेला जाऊन मिळते. तुमच्या मैदानावर ती गोलरेषेला टेकत असेल तर कुठेतरी माप चुकलंय. सात मीटरची रेघ एक मीटर लांब. कीपरची चार मीटरची खूण १५ सेंटिमीटरची. बदलीच्या खुणा मध्यरेषेपासून दोन्ही बाजूंना साडेचार मीटरवर. बाजूला एक आणि गोलामागे दोन मीटर मोकळी जागा सोडा. तिथे दगड, सायकल, आजी, काहीही नको.

सावधान: गोलाचा सांगाडा जमिनीत पक्का खिळवल्याशिवाय एकही मूल मैदानात घेऊ नका. आडव्या दांड्याला पोरं लटकतातच. मोकळा लोखंडी गोल पुढे कलंडला तर जीव जातो, आणि असे अपघात जगभर झाले आहेत. मागच्या पट्टीवर वाळूची पोती हा तात्पुरता उपाय. बोल्ट हा खरा.

चेंडू वयाप्रमाणे घ्या. ८ ते १२ वर्षांचे मुलगे आणि ८ ते १४ वर्षांच्या मुली: एक नंबर, घेर ५० ते ५२ सेंटिमीटर. १२ ते १६ चे मुलगे आणि १४ च्या वरच्या मुली: दोन नंबर, ५४ ते ५६. सोळाच्या वरचे पुरुष: तीन नंबर, ५८ ते ६०. "पुढे मोठ्यानेच खेळायचंय ना" म्हणून लहानांच्या हातात तीन नंबर देणारे महाभाग भेटतात. ज्या मुलाच्या पंजात चेंडू बसत नाही ते मूल तो छातीशी धरून ढकलतं, आणि ही सवय पुढे मोडता मोडत नाही.

वेळेचं म्हणाल तर ग्वाल्हेरच्या मे महिन्यात पारा पंचेचाळिशीला टेकतो. सकाळी साडेपाच ते सात, बस. जानेवारीत उलट, धुक्यात दहा मीटरवरचा चेंडू दिसत नाही, तेव्हा दुपारी तीनला घ्या. वर्षभर एकच वेळ ठेवायचा हट्ट धरला की हजेरी अर्धी होते.

## पायरी ७: पहिले तीन महिने जंप शॉट दाखवू नका

ही ओळ वाचून नाराज व्हाल, माहीत आहे. आपली ओळखच जंप शॉटची असते. मी पहिल्या दिवशी अर्धा तास उड्या मारून दाखवल्या. पोरींनी टाळ्या वाजवल्या. दुसऱ्या दिवशी वीसच्या वीस पोरी चुकीच्या पायावर उड्या मारत होत्या आणि तिघींना चेंडू झेलताही येत नव्हता.

क्रम असा ठेवा: झेलणं, धावत झेलणं, तीन पावलं, चेंडूशिवाय जागा सोडणं, एकास एक चकवणं, आणि मग फेक. बचावात बारा वर्षांखालच्यांना माणसाला माणूस लावा. सहाच्या सहा जण रेघेवर भिंत करून उभे राहिले तर लहान वयात सामने जिंकता येतात, पण त्या पोरांना पाय हलवायची सवयच लागत नाही. मोठे झाल्यावर पाच-एक किंवा तीन-दोन-एक असे पुढे येऊन खेळायचे बचाव शिकवायला घेतले की ती खांबासारखी उभी राहतात.

नव्वद मिनिटांचं साधं सत्र असं: १५ मिनिटं वॉर्मअप, २० मिनिटं पास आणि झेल, २० मिनिटं दोनास दोन किंवा तीनास तीन, २५ मिनिटं खेळ, शेवटची १० मिनिटं थंड होणं आणि बोलणं. कीपरसाठी वॉर्मअपनंतरची दहा मिनिटं वेगळी काढा. त्याला थंड अंगाने गोलात उभं करू नका.

वॉर्मअपमध्ये एका पायावर तोल, उडी मारून दोन्ही पायांवर मऊ उतरणं आणि दिशा बदलणं रोज घ्या. उतरताना गुडघे आत वळले की लगेच थांबवा. नॉर्वेत हँडबॉलच्या किशोर खेळाडूंवरचा अभ्यास २००५ साली छापून आला. त्यात असा वॉर्मअप नेमाने करणाऱ्यांत गुडघ्याच्या आणि घोट्याच्या दुखापती जवळजवळ निम्म्यावर आल्या. पंधरा मिनिटांत एवढं पदरात पडत असेल तर पोरं कंटाळली तरी चालेल.

शिकवताना शब्द कमी करा. माझ्याकडे एक पिव्हट होती, अंगाने दणकट, पण चेंडू आला की वळायला घाबरायची. मी तिला महिनाभर सांगत राहिले: खांदा टाक, कंबर खाली घे, डावा पाय मागे, बचावपटूचा भार ओळख, मग फिर. ती सगळं ऐकायची आणि गोठायची. एक दिवस तिच्या आजी तिला न्यायला आल्या होत्या, ओट्यावर बसून बघत होत्या. म्हणाल्या, "अगं, गर्दीत महाराज बाड्याच्या चौकात बसमध्ये चढतेस तशी घूस की!" ती हसली, मागच्या मुलीवर पाठ टेकवली, जिकडून धक्का आला त्याच्या उलट बाजूने फिरली आणि गोल केला. आजही मी पिव्हटला "बसमध्ये चढ" एवढंच सांगते. माझे पाच मुद्दे बरोबरच होते, फक्त ते माझ्या डोक्यात ठेवायचे होते.

तपासा: सत्र संपल्यावर वहीत तीन गोष्टी लिहा. सर्वांत कमी चेंडू कुणाला मिळाला, रांग सर्वांत लांब कधी झाली, आणि मी सलग किती वेळ बोलले. तिसरा आकडा एका मिनिटाच्या वर गेला असेल तर उद्या कमी बोला.

## पायरी ८: बाकावर बसायचा सराव करा

पहिल्या सामन्यात नवा प्रशिक्षक हरतो तो बहुतेकदा गुण आणि वेळ नोंदवणाऱ्यांच्या टेबलापाशी.

टाइम-आउटची हिरवी कार्डं तीन असतात. एका डावात जास्तीत जास्त दोन वापरता येतात, आणि शेवटच्या पाच मिनिटांत एकच. कार्ड टेबलावर ठेवताना चेंडू आपल्याकडे असला पाहिजे. घाबरलेला प्रशिक्षक चेंडू गेल्यावर कार्ड घेऊन धावतो. कार्ड हातात घेऊन आधीच टेबलाजवळ उभे राहा.

मिळतं एक मिनिट, आणि पन्नासाव्या सेकंदाला परत जायची शिट्टी होते. मुली धावत येऊन पाणी पितात त्यात वीस सेकंद जातात. उरलेल्या तीसात एक बचावाची आणि एक हल्ल्याची गोष्ट, एवढंच बसतं. माझ्या पहिल्या टाइम-आउटला मी सात गोष्टी सांगितल्या. मैदानात परतताना कॅप्टन दुसरीला विचारत होती, "ताई काय म्हणाल्या?"

बदली हा दुसरा खड्डा. आतला खेळाडू रेघेबाहेर पूर्ण येण्याआधी बाहेरचा आत गेला की दोन मिनिटं, आणि बदली आपल्याच साडेचार मीटरच्या पट्ट्यातून व्हायला हवी. सरावातल्या २५ मिनिटांच्या खेळात दर दोन मिनिटांनी बदली करवून घ्या, नुसत्या सवयीसाठी. नवख्या संघाला मिळणाऱ्या शिक्षांतल्या कितीतरी अशाच फुकटच्या असतात.

सामन्याच्या आदल्या रात्री यादीतलं प्रत्येक नाव आणि जर्सीचा नंबर प्रत्यक्ष जर्सी समोर ठेवून जुळवा. वेळही माहीत हवी: १६ वर्षांच्या वर ३० मिनिटांचे दोन डाव, १२ ते १६ ला २५-२५, ८ ते १२ ला २०-२०.

## पायरी ९: पालक, परवानग्या आणि पैसा

मुलींना बाहेरगावी नेताना सोबत महिला हवीच, तुम्ही स्वतः महिला असलात तरी दुसरी मोठी व्यक्ती हवीच. पालकांची लेखी संमती, रक्तगट, औषधांची ॲलर्जी आणि दोन फोन नंबर एका कागदावर. अल्पवयीन मुलाशी रात्री खासगी मेसेज नाहीत. जे सांगायचं ते पालकांच्या ग्रुपवर. लैंगिक छळाची गोष्ट कानावर आली तर २०१२ च्या पॉक्सो कायद्याप्रमाणे पोलिसांना कळवणं बंधनकारक आहे. "आपसात मिटवू" म्हणणारा प्रशिक्षकही मग आरोपी होतो.

पावडरी आणि गोळ्या स्वतःहून सुचवू नका. डोपिंगच्या नियमांत खेळाडूच्या बरोबरीने प्रशिक्षकावरही कारवाई होते. सर्दीच्या औषधाबद्दलही डॉक्टरांना "ही मुलगी स्पर्धा खेळते" असं सांगायला पालकांना शिकवा.

वय कमी दाखवून खेळवायची गळ कोणी ना कोणी घालतंच, कधी पालक, कधी शाळा. पहिल्याच बैठकीत सगळ्यांसमोर नाही म्हणून टाका. एकट्याने येऊन विचारतात तेव्हा नाही म्हणणं अवघड जातं.

पैशाचं सरळ सांगते. हँडबॉलच्या कोचिंगवर पहिली दोन-तीन वर्षं घर चालत नाही. २०२३ च्या जूनमध्ये जयपूरला सहा संघांची प्रीमियर हँडबॉल लीग झाली, महाराष्ट्र आयर्नमेन जिंकले, आणि त्या उन्हाळ्यात मला दोघांनी विचारलं की नोकरी सोडू का. सोडू नका. शाळेचं अर्धवेळ काम, खेलो इंडियाच्या केंद्रांची जाहिरात, उन्हाळी शिबिरं, पंचाचं मानधन, असं चार ठिकाणचं जोडून जमवावं लागतं.

फी महिन्याच्या पाच तारखेच्या आत, पावती देऊन घ्या. ज्याची परिस्थिती नाही त्याची माफ करा, पण तेही वहीत 'माफ' असं लिहून, म्हणजे वर्षाच्या शेवटी चेंडू किती घेता येतील ते कळतं. बँकेत वेगळं खातं काढा. मी सुरुवातीला फीचे पैसे घरखर्चाच्याच डब्यात टाकत होते. मार्चमध्ये राज्य स्पर्धेची एंट्री भरायची वेळ आली तेव्हा डब्यात गॅस सिलेंडरची पावती निघाली.